आमचं अल-हर्णी घराणं

आमच्या अल-हर्णी घराण्याचा इतिहास एकूण चार दिवसांचा आहे.

त्याला कारण तुर्की नावाचा एक माणूस. रियाधच्या अल मलाझमधलं अत्तराचं दुकान मी बावीस वर्षं चालवलं, कुप्या धुण्यापासून सुरुवात करून. मग नियम आला : गल्ल्यावर सौदी माणूसच हवा. कफीलने, म्हणजे दुकानाच्या सौदी मालकाने, आपला पुतण्या तुर्की आणून बसवला. त्याला ऊद आणि उदबत्ती यांतला फरक कळत नव्हता (अजूनही कळत नाही!). पण गिऱ्हाईक त्याच्या छातीवरच्या बिल्ल्यावरचं आडनाव वाचायचं आणि विरघळायचं. "म्हणजे त्या खोऱ्यातले तुम्ही? आमचे मामा तिकडचेच!" लगेच मिठ्या, लगेच कॉफी. मला बावीस वर्षांत कोणी गाव विचारलं नव्हतं!

मी चौकशी केली. आडनावाच्या शेवटी 'ई', म्हणजे अमक्या गावचा, अमक्या टोळीचा. एवढंच? मग आमचं 'कर' काय वेगळं आहे? मी हर्णेचा हर्णेकर, म्हणजेच अल-हर्णी! अर्धा तास भांडून, निम्म्या भावात पितळी बिल्ला करून घेतला.

"अवो, पन तुमाला गरज काय?" झुबेदाने, माझ्या बायकोने, विचारलं.

"इज्जत!" मी ओरडलो.

चौथ्या दिवशी दुपारी तुर्की गाडीत झोपायला गेला आणि तपासनीस आत आला. गल्ल्यावर मी!

"अल-हर्णी?" त्याने बिल्ला वाचला. "कुठले?"

दुकानात चंदनाचा वास भरलेला, आणि कोणीतरी मला 'कुठले' म्हणून विचारत होतं! मी सांगत सुटलो. पाण्यात उभा असलेला किल्ला. संध्याकाळी परतणाऱ्या होड्या, वाळूवर मासळीचा लिलाव. दिवे लागले की वाटतं, समुद्रच उठून गावात वस्तीला आलाय. तपासनीसाने पेन खाली ठेवलं, डोळे मिटले.

"आपल्या जिझानच्या किनाऱ्याजवळ?"

"थोडं पुढे." (मध्ये फक्त एक अरबी समुद्र!)

"ओळखपत्र?"

"घरी राहिलं." (खिशात होता तो इकामा, परदेशी कामगाराचा परवाना!)

"मग तुझ्या घराण्यातलं कोणी येऊन सांगेल, की तू त्यांचा?"

घराणं काढलं म्हटल्यावर मला चेव आला. फोन लावला. "यल्ला, सगळे या! खानदानाच्या अब्रूचा प्रश्न आहे!"

अर्ध्या तासात अकरा हर्णेकर हजर. कोणी प्लंबर, कोणी ड्रायव्हर, एक तर पिठाच्या हातांनी बेकरीतून आलेला.

"हा आमचाच," सर्वांत थोरले दाऊदचाचा छाती काढून म्हणाले. "आम्ही सगळे एका गावचे."

तेवढ्यात तुर्की डोळे चोळत आला.

"आणि हा?" तपासनीसाने विचारलं.

"हा सौदी," दाऊदचाचा म्हणाले. "आमच्यातला नाही!"

तपासनीसाने पेन पुन्हा उचललं.

"इकामे काढा," तपासनीस म्हणाला. "सगळ्यांनी."

खलास! सात दिवस दुकानाला टाळं. दारावर चिकटवलेला कागद मी रोज जाऊन वाचायचो. त्यावर माझं पूर्ण नाव होतं, गावासकट. बावीस वर्षांत दुकानावर माझं नाव पहिल्यांदाच लागलं, तेही दुकान बंद असण्याचं कारण म्हणून!