शिरीनच्या आईचं नाव परवान्यावर

मंडळी, आज शनिवार पेठेतल्या वाचनालयात माझ्या पुस्तकावर बोलायला गेले होते. घरच्या धंद्यात राबणाऱ्या बायकांना सरकार कामगार का मानत नाही, हा पुस्तकाचा विषय.

भाषण संपल्यावर माझी विद्यार्थिनी शिरीन वडिलांना घेऊन आली. त्यांचं बांगड्यांचं दुकान आहे. चेहरा गंभीर. म्हटलं, आता बोलणी खावी लागणार.

"मॅडम, हिनं तुमचं पुस्तक घरात मोठ्यानं वाचून दाखवलं," ते म्हणाले. "हिची आई माझ्याइतकंच दुकान सांभाळते. परवान्यावर तिचंही नाव लावायला अर्ज केलाय."

"त्या काय म्हणाल्या?"

शिरीन हसली. "म्हणाली, एवढ्यासाठी पुस्तक लागलं होय!"

खरंय त्यांचं. तरी आज घरी येताना पुढचं पुस्तक लिहायची फार हौस वाटली. तुमच्या घरच्या धंद्यात कुणाचं नाव लागायचं राहिलंय?