औशाच्या बसचा डबा

नांदेडात मी मुलांसाठी अभ्यासिका चालवतो. खुर्च्या, पंखे, पाण्याचा फिल्टर, कोणाची जागा कोणती, सगळं माझ्याकडे लिहिलेलं असतं आणि वेळेवर होतं. मागच्या उन्हाळ्यात तिथं येणारी एक मुलगी माझ्या टेबलाशी आली. तिच्या वयाच्या मुलांसाठी ती कादंबरी लिहीत होती. पोलिसांच्या मारानं गेलेला एक मुलगा आणि मागं राहिलेले त्याचे मित्र, असा विषय. मी लातूरला शिकत असताना माझ्या खोलीतल्या मुलाचं असं झालं होतं, हे तिला कुणीतरी सांगितलेलं.

"काका, मला फक्त क्रम सांगा. आधी काय, मग काय."

क्रम म्हटल्यावर मला बरं वाटलं. क्रम लावणं मला जमतं. कागद घेऊन बसलो, आणि क्रम खरंच नीट लागला. पण ज्या ओळीपुढं कारण लिहायचं तिथं हात थांबायचा. कागद तिला दिला नाही. त्याऐवजी हे लिहितोय.

भूकंपाला फार दिवस झाले नव्हते. लातूर क्लासेसनी भरायला लागलं होतं. शेजारच्या तालुक्यांतून पोरं यायची, आणि ज्याच्या त्याच्या गच्चीवर पत्र्याची खोली उभी राहायची. आमची घरमालकीण खोली दाखवताना म्हणायची, "वर पत्राय. पडला तरी मरणार न्हाई. स्लॅबची खोली पायजे तर शेजारी जावा." उन्हाळ्यात त्या पत्र्याखाली आम्ही भाजून निघायचो, पण आमच्या घरचे निर्धास्त होते.

खोलीत तिघं. मी अहमदपूरचा, वडील शाळामास्तर. दुसरा उदगीरचा, त्याच्या अब्बांचं शिलाईचं दुकान. तिसरा औसा तालुक्यातला. आम्ही एकमेकांना नावानं हाक मारतच नव्हतो. कारण आमचे डबे. मेस परवडत नव्हती म्हणून तिघांचंही जेवण घरून एसटीनं यायचं. सकाळच्या गाडीच्या ड्रायव्हरकडे आई डबा द्यायची, आम्ही स्टँडवर जाऊन घ्यायचो, संध्याकाळच्या गाडीनं रिकामा परत. कोण कुठल्या गाडीवर उभा राहतो त्यावरून नावं पडली. मी अहमदपूर, तो उदगीर, तिसरा औसा. उदगीर मात्र मला कधी कधी मास्तर म्हणायचा, कारण खोलीत आल्या आल्या मी कामांचं वेळापत्रक भिंतीला चिकटवलं होतं. झाडू, पाणी, दिवाबत्ती आणि डबे. ज्याची पाळी त्यानं तिन्ही डबे आणायचे.

"ह्याचं लग्न झालं तर बायकोलाबी टाइमटेबल देणार हा," उदगीर म्हणायचा.

"देईल. आन पाळी आपल्यावर ढकलील," औसा म्हणायचा. तो कमी बोलायचा, पण बोलला की नेमकं.

या डब्यांची एक रीत सगळ्या लातुरात होती. डबा घासून रिकामा परत गेला म्हणजे पोरगं पोटभर जेवलं, ठीक आहे. अन्न तसंच परत गेलं म्हणजे आजारी आहे, आणि मग दुसऱ्या दिवशी घरचं माणूस गाडीनं हजर. फोन कुणाकडे होते? डबा हाच निरोप.

माझ्या डब्यावर वडिलांनी ऑइलपेंटनं आडनाव रंगवलेलं. उदगीरच्या डब्यावर त्याच्या अब्बांनी. औशाच्या डब्यावर काहीच नव्हतं. त्याच्या आईला लिहिता येत नव्हतं. ती कडीला लाल लुगड्याची चिंधी बांधायची.

त्याच्या घरच्यांबद्दल मला एवढंच माहीत होतं की ते शेतात राहतात. भूकंपात गाव झोपलं आणि हे वाचले, कारण शेतात होते. त्याच्या बापानं आणि चुलत्यांनी हातानं दगड उपसून माणसं बाहेर काढली. पुढं तो एकदा म्हणाला होता, "मग आमालाच इचारलं, तुमच्यातलं कुणी कसं मेलं न्हाई?" कुणी विचारलं, हे मी विचारलं नाही. मी शेतातलं घर डोळ्यांसमोर आणलं होतं. दगडी जोतं, गोठा, बाभळ.

त्या दिवशी डब्यांची पाळी औशाची होती. तो क्लासला आला नाही. असं कधी होत नव्हतं. दुपारी सुटल्यावर आम्ही दोघं स्टँडवर गेलो. चौकशी खिडकीजवळचा चहावाला म्हणाला, "तीन डबेवाला ना? नेला त्याला. कुण्या बाईची पर्स गेली सकाळी."

चौकी जवळच होती. टेबलामागं एक हवालदार, वडिलांच्या वयाचा. टेबलावर आमचे दोन डबे शेजारी शेजारी ठेवलेले.

मी सांगितलं, हा डबा माझा, हा याचा, आणि तिसरा त्याचा स्वतःचा. आज आणायची पाळी त्याची होती.

"पाळी?" हवालदार म्हणाला. "दोन डब्यावर दोन आडनावं, तिसऱ्यावर नावच न्हाई. इचारलं ह्यातला तुझा कंचा, तर म्हणतो चिंधीवाला. तूच सांग, आमी काय समजायचं?"

मला त्या क्षणी त्याचं म्हणणं समजत होतं, हे मला आजही विचित्र वाटतं. वेळापत्रक माहीत नसलेल्या माणसाला ते तसंच दिसणार. म्हणून मी पुन्हा पहिल्यापासून समजावून सांगायला लागलो.

"तू मास्तरचा ना? घेऊन जा तुझा डबा." मग उदगीरकडे बघून, आवाज बदलून, "तुझाबी ने. आन स्टँडवर घुटमळू नको." मग परत माझ्याकडे. "तो पारधी हाय. माहीत व्हतं का तुला?"

"नाही," मी म्हणालो. खरंच माहीत नव्हतं.

"बघ. खोलीतल्या पोरालाबी सांगितलं न्हाई. सरळ मानूस कशाला लपवील?"

मी खरं बोललो होतो, आणि माझं खरं बोलणं त्यानं त्याच्या बाजूला ठेवून घेतलं. उदगीर हळू आवाजात म्हणाला, "मुझे मालूम था साहेब. त्यानं सांगितलंय मला." पण हवालदारानं त्याच्याकडे बघितलं नाही.

आतल्या खोलीचं दार अर्धं उघडं होतं. औसा भिंतीला टेकून जमिनीवर बसला होता. शर्टाची बटणं चुकीच्या काजात. एक पाय पुढं सरळ ठेवलेला, जड वस्तू ठेवावी तसा. त्यानं मला बघितलं आणि विचारलं, "फिजिक्सला आज काय झालं?"

"करंट इलेक्ट्रिसिटी."

"नोट्स ठेव माझ्यासाठी."

हवालदारानं दार ओढून घेतलं. "संध्याकाळी या. साहेब आले की सोडतील." आम्ही निघालो तर त्यानंच हाक मारली. कोपऱ्यातून चिंधीवाला डबा आणून माझ्या हातात दिला. लख्ख घासलेला होता. "आईचा डबा हाय. घासून दिलाय. गाडीला लावून द्या." त्याचा आवाज मऊ होता. तो मऊपणा कुठं ठेवायचा हे मला अजून कळलेलं नाही.

खोलीवर आलो तेव्हा उदगीर म्हणाला, "मास्तर, आपले डबे बघ. उघडलेलेसुद्धा नाहीत. ह्या चिंधीवाल्यातली भाकरी कुणी खाल्ली?"

"त्यानंच खाल्ली असेल."

"असेल," तो म्हणाला.

त्याच्या आईला कळवणं हे पहिलं काम होतं. आम्हाला जाता येत नव्हतं, कारण संध्याकाळी तो सुटेल तेव्हा न्यायला कुणीतरी हवं, आणि त्या पायानं एकट्याच्यानं तो आवरणार नव्हता. औशाच्या गाडीच्या कंडक्टरला मी निरोप द्यायला लागलो, तर त्यानं हात वर केले. "पोलिसांचा निरोप मी नेत न्हाई बाबा. फाट्यावर ती बाई माझ्या गाडीपुढं पडली तर? डबा आण. डबा नेतो."

डबा घासलेला, रिकामा. तसाच गेला असता तर ती समजली असती, पोरगं जेवलं. तेव्हा उदगीरला सुचलं. आमच्या डब्यांतलं अन्न यात भरायचं. भरलेला डबा बघितला की ती सकाळच्या गाडीनं येणार. मला हे एकदम पटलं. माझ्या घरच्या पोळ्या, बटाट्याची भाजी, त्याच्या घरचा भात. वर झाकण, कडीला चिंधी. गाडी सुटली तेव्हा, एक तरी काम नीट झालं, असं मला वाटलं.

संध्याकाळी चौकीत म्हणाले, सकाळी या. क्लासचे सर स्कूटरवर आले, त्यांनाही तेच सांगितलं. त्यांना खुर्ची दिली, चहा दिला.

सकाळी मी आधी स्टँडवर गेलो, त्याच्या आईला घ्यायला. गाडीतून ती उतरली नाही. डबा आला. कंडक्टर म्हणाला, "आज जड हाय. सण हाय का काय?"

मी तिथंच झाकण उघडलं. ज्वारीच्या भाकरी, तिघांना पुरतील एवढ्या. शेंगदाण्याची चटणी. एका पुरचुंडीत रानातली बोरं, पिकलेली, निवडून घेतलेली.

समजायला थोडा वेळ लागला. तिच्या डब्यात तिचं अन्न परत गेलं असतं तर ती धावत आली असती. पण आत दुसऱ्या घरच्या गव्हाच्या पोळ्या होत्या. तिला वाटलं, मित्रांनी आपल्याला खाऊ पाठवला. आणि कुणाच्या घरून काही आलं तर भांडं रिकामं परत करायचं नसतं, ही रीत माझ्या आईच्या घरात होती तशीच तिच्याकडेही होती. आम्ही एक रीत धरून निरोप धाडला, तिनं दुसरी रीत धरून उत्तर दिलं.

डबा घेऊन आम्ही चौकीत गेलो. टेबलामागं वेगळाच माणूस होता. म्हणाला, सरकारी दवाखान्यात बघा. दवाखान्यात वॉर्डबॉयनं बोट दाखवलं, ते वॉर्डाकडे नव्हतं. कुणी म्हणालं, पळताना पडला. त्या पायानं तो कसा पळाला, हे मी मागोमाग तिथं आलेल्या क्लासच्या सरांना विचारलं. सर स्कूटरचं हँडल धरून उभे राहिले.

"घरी निरोप धाडलाय," असं आम्हाला सांगितलं गेलं. आम्ही तरी संध्याकाळच्या गाडीत बसलो. डबा बरोबर होता. ठेवून जायचा तर कुठं, आणि न्यायचा तर कसा? तो मांडीवर होता एवढंच.

फाट्यावर ती उभी होती. निरोप पोचला नव्हता. रोज त्याच गाडीची वाट बघायची ती. आम्ही उतरलो, तिनं डबा बघितला आणि ती हसली. "आज पोरंच आली की वं! चटणी तिखट झाली न्हवं?" तिच्या मागं, रस्त्यापासून थोडं आत, गोणपाटाची आणि ताडपत्रीची पालं होती. शेतातलं घर. जोतं नाही, गोठा नाही. दगडच नव्हता, तर पडणार काय? तेव्हा मला कळलं, त्यांच्यातलं कुणी का मेलं नव्हतं.

"तो कुठं हाय?" तिनं विचारलं.

उदगीर रस्त्याच्या कडेला खाली बसला. मग सांगितलं मी. क्रमानं सांगितलं. डबे, स्टँड, चौकी, दवाखाना. पालातून माणसं आली. त्याचा बाप लंगडत आला. तो लंगडा आहे हेही मला तोवर माहीत नव्हतं, आणि कशानं झाला ते कुणी सांगायची गरज नव्हती.

मग तिनं एकच विचारलं. "काल सकाळची भाकर खाल्ली का त्यानं?"

मला माहीत नव्हतं. डबा घासलेला मिळाला होता.

"हाव मावशी," खालूनच उदगीर म्हणाला. "पोटभर. घासून दिला डबा त्यानंच."

तिनं डबा माझ्या हातातून घेतला. आत तिच्याच भाकरी होत्या, झाकण उचललं नाही तरी वजनावरून तिला कळलं असेल.

पुढं चौकशी झाली, माझा जबाब झाला. डबे किती, कोणाचे, पाळी म्हणजे काय, हे सगळं मी सांगितलं, सही केली. त्यातून काय झालं ते मला कधी कुणी कळवलं नाही. उदगीर बारावीनंतर दुकानात बसला. वर्षानुवर्षं भेटतो, हसवतो. एकदाच विचारलं मी, त्यानं तुला सांगितलं ते मला का सांगितलं नाही? तो म्हणाला, "मैंने पूछा था, मास्तर. तू विचारलंच नाहीस."

मुलीला शेवटी मी तोंडी सांगितलं, जेवढं येत होतं तेवढं. ती लिहून घेत होती. फाट्यापर्यंत आल्यावर तिनं पेन थांबवलं.

"मग खरं काय, काका? त्यानं खाल्ली होती का?"

"तू कादंबरी लिहितेस," मी म्हणालो. "तू ठरव."

"तुम्हाला काय वाटतं?"

सकाळी वाटतं खाल्ली. तो शांत पोरगा, भुकेला असणार, आईचा डबा समोर. मग ते दोन न उघडलेले डबे आठवतात आणि वाटतं, नाव असलेल्या डब्यांना हात लावला नाही, चिंधीवाला दुसऱ्याच कुणी संपवला, त्याला कुणी दिलीच नसेल. मी तिला हे दोन्ही सांगितलं. तिनं दोन्ही लिहून घेतलं, आणि पुढं प्रश्नचिन्ह टाकलं.