मागचा दिवा लागला का?

गावी गणपतीला निघायच्या आदल्या दिवशी आमच्याकडे एक विधी असतो, आणि तो कुठल्याही पोथीत नाही. हे गाडीत बसतात, काच खाली करतात आणि मी गाडीच्या मागे जाऊन उभी राहते. हे ब्रेक दाबून ओरडतात, "लागला का?" मी दोन्ही दिवे बघून ओरडते, "लागला!" मग डावा इंडिकेटर, उजवा इंडिकेटर, रिव्हर्स. ब्रेकचा दिवा माणसाला एकट्याला तपासता येत नाही. आत पाय लागतो आणि बाहेर डोळे. आमच्या संसारात पाय ह्यांचा आणि डोळे माझे, ही वाटणी पहिल्या सेकंडहँड व्हॅनपासूनची. मला त्यात कुणी विचारलेलं नाही.

नंतर ही एसयूव्ही आली. आली तेव्हा ह्यांनी अख्ख्या सोसायटीत पेढे वाटले होते. आता तिचा रंग उडालाय, मागच्या दिव्यांची लाल प्लास्टिकं उन्हानं गुलाबी पडलीत, दार लावलं तर कांजूर स्टेशनपर्यंत आवाज जावा. पण तिला दुसऱ्या कुणी हात लावायचा नाही. जावयानं एकदा नुसती पार्किंगमधून काढून दिली, तर ह्यांनी सीट पुन्हा आपल्या मापाची करताना अर्धा तास बडबड केली.

मी ऑफिसातून रिटायर झाल्यावर मोटर ट्रेनिंगला नाव घातलं. सगळी पोरं विशी-बाविशीतली आणि मध्ये मी, नऊवारी नसली तरी वेणीवाली. लायसन पहिल्या फटक्यात मिळालं. घरी येऊन दाखवलं तर हे पेपरातून मान वर न करता म्हणाले, "लायसन काय, कुणालाही देतात." तेव्हापासून मी चालवली ती फक्त कंपाउंडमध्ये. मागे-पुढे, मागे-पुढे. मोलकरणीला पोछा मारायला द्यावा तशी मला गाडी पार्क करायला द्यायचे.

ह्या वर्षी मात्र माझं डोकं फिरलं, आणि त्याला कारण होतं. गणपतीच्या आधीच्या आठवड्यात आम्ही मुलुंडला लेकीकडून परत येत होतो. भांडुपला सिग्नलच्या अलीकडे एक हातगाडीवाला रस्ता ओलांडत होता. चांगली केळ्यांनी भरलेली, हत्तीएवढी हातगाडी. मला ती लांबून दिसली. मला वाटलं, आता थांबतील, आता थांबतील. अगदी टेकल्यावर ह्यांनी कचकन ब्रेक मारला. मी डॅशबोर्डवर आपटता आपटता वाचले. मागून रिक्षावाला करकचून थांबला, उतरून आला आणि बॉनेटवर थाप मारून ओरडला, "चाचा, पीछे बत्ती नहीं जलती! मरवाओगे क्या?"

"बघितलंत? डावा दिवा गेलाय मागचा," मी म्हटलं.

"दिवा गेलाय म्हणून तो ठोकणार होता. माझी काय चूक?"

"आणि हातगाडी? ती काय आकाशातून पडली?"

"तू बाजूला बसून किरकिर करतेस, लक्ष कसं राहणार?"

म्हणजे हातगाडीही माझ्यामुळेच. असा संताप आला ना! गेलं वर्षभर हेच. पार्किंगच्या खांबाला बंपर घासला, तर खांब चुकीच्या जागी. लेकीचा मेसेज मला वाचायला लावायचे, तर फोन कंपन्यांनी अक्षरं बारीक केली. चहा कपात ओतताना बशीत सांडला, तर कप माझ्या माहेरचा. ह्या माणसाची चूक कधी नसतेच. सगळं जग ह्यांच्या वाईटावर टपलेलं.

त्या संध्याकाळी मी सांगून टाकलं, "गावी गाडी मी चालवणार. लेक आहे बरोबर, नात आहे. तुमच्या हातात मी त्यांना देत नाही."

नातीवरून बोलले ते लागलं त्यांना. दर शनिवारी हे तिला पोहण्याच्या क्लासला नेतात. ती उतरली की गाडीच्या पुढून पळत, बॉनेटवर हात फिरवत ह्यांच्या खिडकीशी येते, चॉकलेट घ्यायला. तो ह्यांचा आठवड्याचा सण. हे रागावले की मालवणीवर उतरतात. "तुका काय कळता गाडीतला? साधो बल्ब बदलूक येता?"

"येतो."

"बदलून दाखव. एकटीनं. मेकॅनिक नाय, वॉचमन नाय. दिवो लागलो, तर चावी तुझी."

"आणि लागला की नाही ते कोण बघणार?"

"मी बघतलंय. दुसरो कोण?"

मी पैज घेतली. तिथेच शहाणपण चालवायला हवं होतं. ज्याला हरायचं नाही, त्यालाच पंच केला होता मी.

निघायच्या आदल्या दिवशी दुपारी स्टेशनजवळच्या पार्ट्सच्या दुकानात गेले. दुकानदारानं विचारलं, "सिंगल पॉइंट की डबल पॉइंट?" मी म्हटलं, डबल, ब्रेकचा आणि पार्किंगचा एकाच बल्बमध्ये आहे. त्यानं बल्ब दिला आणि वर म्हणाला, "भाईसाहेबांना पाठवायचं ना, भाभी." मी त्याच्याकडे असं बघितलं की पिशवी विचारायचंही तो विसरला.

खाली पार्किंगमध्ये अंधार म्हणून ह्यांनी गाडी उघड्यावर आणायला लावली, तोंड गेटकडे. दुपारचं ऊन थेट मागच्या दिव्यांवर. मागचं दार उघडलं, कडेचे दोन स्क्रू काढले, दिव्याचा डबा ओढून बाहेर घेतला. होल्डर फिरवून काढला. जुन्या बल्बची काच आतून काळी झालेली, तार तुटून लोंबत होती. नवा बल्ब दाबून फिरवला, टक्कन बसला. खरं सांगते, त्या टक् आवाजानं मला जो आनंद झाला तो रिटायर होताना मिळालेल्या शालीनंही झाला नव्हता.

हे प्लास्टिकच्या खुर्चीवर बसून बघत होते, हातावर हात बांधून.

"उठा. मागे उभे राहा," मी म्हटलं आणि आत जाऊन बसले. ब्रेक दाबला. "लागला का?"

मग आवाज आला, "नाही."

"नीट बघा हो!"

"नाही लागला. उजवा लागलाय. डावा नाही."

पुन्हा सगळं उघडलं. होल्डरमध्ये गंज असेल म्हणून जुन्या टूथब्रशनं घासला, पॉलिश पेपर मारला. बसवला. दाबला.

"नाही."

बल्बच फुसका असेल म्हणून पुन्हा दुकानात गेले. दुकानदारानं माझ्यासमोर बॅटरीला लावून दाखवला, तो झकास लागत होता, तरी मी दुसरा घेतला. परत आले, घामानं ब्लाउज पाठीला चिकटलेला, डम्पिंग ग्राउंडच्या कचऱ्याचा वास वाऱ्याबरोबर आलेला, बोटाला स्क्रू ड्रायव्हर लागून रक्त. बसवला. दाबला.

"नाही लागला. वायरिंग गेलंय. तुझ्या हातचं काम नाही ते. सोड."

त्या "सोड"मध्ये काय होतं सांगू? सुटका होती. हरलीस म्हणून आनंद नव्हता, संपलं एकदाचं म्हणून सुटका होती. पण मला तेव्हा ते ऐकू आलं नाही. मला फक्त एवढंच ऐकू आलं की उद्या हाच माणूस चाकावर बसणार आणि मी बाजूला जीव मुठीत धरून.

दातओठ खात मी गाडी वळवली, रिव्हर्समध्ये टाकली आणि पार्किंगच्या जागेत घ्यायला लागले. मागे कंपाउंडची भिंत. गणपतीसाठी सोसायटीनं नुकताच चुना लावलेला, पांढरी स्वच्छ. सावली होती तिथे. मी ब्रेक दाबला आणि आरशात बघितलं तर भिंतीवर दोन लाल डाग. डावीकडे एक, उजवीकडे एक. पाय उचलला, गेले. दाबला, आले. दोन्ही. सारखे लाल.

माझ्या डोक्यात काय झालं ते मला लिहिता येणार नाही. मी उतरले आणि त्या माणसाच्या अंगावर गेले. पहिल्या मजल्यावरच्या बाईनं गॅलरीचं दार लावून घेतलं, एवढी ओरडले. "खोटारडे! चक्क खोटं बोललात? तीनदा? उन्हात मला गाढवासारखी राबवलीत आणि समोर लागलेला दिवा नाही म्हणालात? लाज कशी वाटत नाही? एवढी ती चावी प्यारी?"

ह्यांनी एकदा भिंतीकडे बघितलं. मग माझ्याकडे. मग शांतपणे म्हणाले, "हो. खोटं बोललो."

भांडायला उभा राहिलेला नवरा मला माहीत आहे. कबूल करणारा नवरा माहीत नव्हता. त्यानं तर मी आणखीनच पेटले. नुसत्या कबुलीवर मला सोडायचं नव्हतं. मी म्हटलं, "असं नाही चालायचं. मागे उभे राहा. आणि ओरडून सांगा, लागला म्हणून. इतकी वर्षं मी ओरडले तसं. सगळ्या बिल्डिंगला ऐकू जाऊ दे."

"राहू दे गं आता. दिली चावी."

"उभे राहा!"

मी गाडी पुन्हा थोडी पुढे घेतली, हे मागे गेले. भिंतीला पाठ लावून, गाडीच्या डाव्या दिव्यासमोर उभे राहिले. मी हँडब्रेक ओढला, पाय मोकळे केले, चपलेत अडकलेला खडा काढायला वाकले. आणि मागून आवाज आला, मोठ्यांदा, मी दरवर्षी ओरडते अगदी तसा, शेवटी जरा ओढून.

"लागलाऽ!"

मी ब्रेकवर पाय ठेवलेलाच नव्हता.

वाकलेली मी तशीच राहिले. मग हळूच वर आले आणि आरशात बघितलं. हे दिव्याकडे बघत होते. डोळे बारीक करून, सरळ दिव्याकडे. मी ब्रेक दाबला. ह्यांच्या पांढऱ्या लेंग्यावर लाल उजेड पडला. चेहरा हलला नाही.

"आता?" मी विचारलं. माझा आवाज मलाच वेगळा वाटला.

"लागलाच आहे की."

पाय काढला. "आता?"

"अगं, लागलाय, लागलाय! किती वेळा सांगू?"

मी इंजिन बंद केलं. उतरून मागे गेले. समोर उभी राहिले तर माझ्याकडे बघायला त्यांनी मान जराशी तिरकी केली. गेलं वर्षभर ते तशीच मान करत होते, आणि मला वाटायचं, माझ्याशी बोलताना नाक मुरडतात.

"किती दिसतं?" मी विचारलं.

त्यांनी हात लांब करून बंपर चाचपला. मग म्हणाले, "कडेचा दिसता. मधला दिसणा नाय."

"डॉक्टरला दाखवलंत?"

"दाखवलंय. डोळ्यात इंजेक्शनं घ्या म्हणालो तो. गाडी बंद करा म्हणालो."

"मग?"

"मगे डॉक्टर बदललंय."

मी त्यांना विचारलं, मघाशी मी खोटारडे म्हणाले तर ऐकून का घेतलंत, तेव्हाच का नाही सांगितलंत. हे बंपरवरच्या त्या खांबाच्या ओरखड्यावरून अंगठा फिरवत होते. म्हणाले, "खोटारड्याक चावी परत गावता गो. आंधळ्याक कोण देतलो?"

वाचणाऱ्याला वाटेल, इथे बाईचं मन विरघळलं असेल. नाही विरघळलं. मला शनिवार आठवले. एकेक शनिवार. माझा हात उठला होता, तो मी कसाबसा गाडीच्या पत्र्यावर मारला. खूप लागलं, हाताला आणि मनालाही. "तिला घेऊन जात होतात तुम्ही," एवढंच मी म्हणाले. त्यांनी खिशातून चावीचा दुसरा जोड काढला आणि माझ्यासमोर बंपरवर ठेवला.

पहाटे लेक आणि नात आल्या, तर मी चाकावर. लेकीनं तोंडावर हात ठेवला. मी काही बोलायच्या आत हे डाव्या बाजूनं चढत म्हणाले, "पैज हरलो. बल्ब बदलला तुझ्या आईनं." नातीनं टाळ्या वाजवल्या. गावाहून परतल्यावर मी ह्यांना डोळ्यांच्या डॉक्टरकडे ओढत नेणार होते आणि लेकीलाही सगळं सांगणार होते. पण गणपतीच्या तोंडावर नको, म्हणून तेवढ्यापुरतं ह्यांचं खोटं मी चालवून घेतलं. माफ मात्र केलं नाही.

पनवेल सोडल्यावर चहाला थांबलो. लेक चहा सांगायला गेली. मी इंजिन बंद करत होते तेवढ्यात मागचं दार वाजलं, नात उतरली आणि सवयीनं गाडीच्या पुढून धावत आली. चॉकलेट मागायला आधी कुठल्या खिडकीशी जायचं, ते तिला कळेना. ती तिथेच थांबली, बॉनेटवर दोन्ही तळवे टेकून, दात काढून हसत, आजोबांच्या अगदी समोर.

माझा पाय अजून ब्रेकवर होता. तो मी आणखी दाबला.

हे काचेतून सरळ पुढे बघत होते. "पोरगी खय गेली गो?" त्यांनी मला विचारलं.