जोह्याचा मूकपट

आयुष्यात एकच पिक्चर काढला, तोही वीस मिनिटांचा. पण किस्से एवढे साठलेत, की पेणच्या स्टँडवर कुणी ओळखीचं भेटलं की माझी एसटी हमखास चुकते.

पिक्चर काळा-पांढरा, मूकपट. गोष्ट अशी: गणपतीच्या कारखान्यात एका कारागिराच्या हातून मूर्ती फुटते, आळ दुसऱ्यावर येतो, हा गप्प बसतो. मग पश्चात्ताप, मग कबुली. दिग्दर्शक मी. पोटापाण्याला पेणजवळच्या जोहे गावात, गणपतीच्या कारखान्यात रंगारी.

*

पहिल्याच दिवशी मी ओरडलो, "सायलेन्स!" रस्त्यावर हॉर्न वाजला की शॉट थांबवायचो. असे तीन टेक गेले. मोबाइल धरून अवघडलेला आमचा कॅमेरामन सचिन शेवटी म्हणाला, "दादा, पिक्चर बिनआवाजाचा हाय ना आपला?"

*

हिरो सुधीर, रोह्याचा. कंपनीत फर्स्ट शिफ्ट करून यायचा. पश्चात्तापाच्या सीनला त्याने अशी मान खाली घातली, की माझेच डोळे भरले. 'कट' म्हटलं तरी हलेना. बघतो तर घोरतोय. शॉट तोच ठेवला.

*

फोडायला मूर्ती कुठली आणायची? आमच्याकडे डोळे आखेपर्यंत तो माल, आखले की देव. शेवटी बिनडोळ्यांची एक तडकलेली मूर्ती मिळाली, ती पाठमोरी ठेवून फोडली. तरी आधी सगळ्यांनी नमस्कार केला. सुधीरने दोनदा.

*

सीनच्या मधल्या, पडद्यावर वाचायच्या पाट्या मी लिहिल्या. एकेक पाटी वाचता वाचता चहा निवायचा. बायको म्हणाली, "एवढं बोलायचं व्हतं, तर मूकपट कशाला काढलात?"

मी पुढची पाटी लिहायला घेतली. बारा वर्षांपूर्वी डोळे आखलेली मूर्ती माझ्याच हातून फुटली होती. आळ आखणी करणाऱ्या बंडूकाकांवर आला आणि मालकांनी त्यांना डोळ्यांच्या कामावरून उठवलं. तेव्हापासून मी रोज त्यांच्याशेजारी बसून रंग लावतो. गप्पा गावभरच्या, तेवढं एक सोडून. लाज वाटते.

*

कारखान्यातच चादर बांधून पिक्चर दाखवला. काका सगळ्यात पुढे, पाटावर. कबुलीची पाटी आली तेव्हा दिग्दर्शक खांबामागे लपले होते.

दिवे लागले. टाळ्या चालू होत्या. काका चष्मा पुसत मला शोधत खांबापाशी आले.

"चांगला झालाय," म्हणाले. "एक चुकलास. सुधीर तुकडे उजव्या हातानं उचलतो." त्यांनी चष्मा डोळ्यांवर चढवला. "त्या दिवशी तुझ्या उजव्या हातात ब्रश व्हता."