दुधीचं धोंडस

गुणाजी परबाचा डावा जबडा काढला ते वर्ष एकोणीसशे त्रेपन्न. गालात तंबाखूची गोळी धरून तो वीस-बावीस वर्षं गिरणीत साच्यांवर, म्हणजे मागांवर, उभा राहिला होता. आधी गालात एक फोड आला, मग दातांच्या मुळाशी गाठ झाली. परळच्या मोठ्या इस्पितळात डॉक्टरांनी सुगंधाला बाजूला घेऊन सांगितलं की कापावं लागेल, आणि कापूनही पुढचं काही सांगता येत नाही. सुगंधाने मान हलवली. त्यातलं तिला एवढंच कळलं की नवरा जिवंत घरी येणार आहे.

तो आला, पण ओळखू येईना. चेहऱ्याची डावी बाजू आत गेली होती, ओठ एका अंगाला ओढला होता आणि लाळ सतत गळायची. त्याचं बोलणं फक्त सुगंधालाच समजे.

घाटकोपरला भटवाडीच्या बाजूच्या एका बैठ्या चाळीत त्यांची खोली होती. मुलगी माणिक लग्न होऊन कणकवलीकडे गेलेली, म्हणजे घरात ही दोघंच. चाळीतली बहुतेक माणसं कोकणातली, आणि गुणाजी त्यांच्यातला खवय्या म्हणून नावाजलेला. मालवणचा माणूस. सुट्टीच्या दिवशी स्वतः बाजारात जाऊन माशाचे कल्ले उघडून बघणार, घरी येऊन सुगंधाच्या पाठीशी उभा राहून मसाल्याच्या वाटपाला नावं ठेवणार आणि शेवटी काट्यासकट सगळं चावून संपवणार. बांगड्याचं डोकं तो ज्या आवाजात चावायचा त्यावर शेजारची वनमाला हसायची. "भाऊजी जेवतात की खडी फोडतात?" असं भिंतीपलीकडून विचारायची.

आता चाळीतले लोक येईनासे झाले. दारावरून जाताना पावलं भराभर पडायची. हा आजार भांड्यातून लागतो असं कुणीतरी उठवलं होतं. वनमाला तेवढी यायची, पण तीही दाराच्या आत फार बसायची नाही.

इस्पितळातल्या नर्सबाईंनी सांगितलं होतं, मऊ द्या, तिखट नको, दूध-अंडं पोटात गेलं पाहिजे. सुगंधाने पेज केली, मऊ भात कुस्करून दुधात कालवला, दुधी उकडून घोटून दिला. गुणाजी भिंतीकडे तोंड करून बसायचा, दोन घास आत ढकलायचा, त्यातला एक बाहेर यायचा. एके दिवशी त्याने वाटीच सरकवून दिली.

"ह्या काय? पोराक भरवतंस तसा माका भरवतंस?"

"मग काय देऊ ओ? तुमीच सांगा."

तो वाटीतल्या पांढऱ्या लगद्याकडे बघत राहिला. सुगंधाच्या ध्यानात आलं की भुकेपेक्षा त्याला या रूपाचाच जास्त त्रास होतोय. ताटात जेवणासारखं दिसणारं काही उरलंच नव्हतं.

ती सकाळी एका गुजराती शेठाणीकडे पापड लाटायला जायची. लाटता लाटता तिला माहेरचं धोंडस आठवलं. पिकली काकडी किसून, रवा आणि गूळ घालून टोपात ओतायची, खाली मंद विस्तव आणि वर झाकणात निखारे. उतरवल्यावर वरून तांबूस, आतून लुसलुशीत, आणि सुरीने कापता येणारं. काकडीच्या जागी दुधी का नको? मोरीमागे तिनेच लावलेला वेल कौलांवर चढला होता, दुधी लोंबत होते. आणि गुळाच्या जागी मीठ. गुणाजीला गोडाचं वेड कधीच नव्हतं.

पहिलं धोंडस खालून जळलं. धूर इतका झाला की वनमाला धावत आली. दुसरं मध्ये कच्चं राहिलं, पिवळट पाणी सुटलं. मग तिने दुधी किसून त्याला मीठ लावून घट्ट पिळून घेतला, कांदा अगदी बारीक चिरून थोड्या तेलावर परतला, तांदळाचा रवा नारळाच्या रसात भिजवला, दोन अंडी फेटून घातली. जर्मनच्या, म्हणजे ॲल्युमिनियमच्या, टोपाला तेल लावून तळाशी केळीचं पान टाकलं. शेगडीतले निखारे राखेने झाकले, झाकणाच्या तव्यात मात्र लालबुंद ठेवले. मधून मधून टोप थोडा फिरवत राहिली, आणि खमंग वास सुटला तसा तवा काढला.

वर खरपूस तांबूस पापुद्रा धरला होता. तिने सुरीने चौकोनी तुकडा कापला, ताटात ठेवला आणि ताट त्याच्यापुढे सरकवलं.

गुणाजीने आधी वास घेतला. मग बोटाने तुकडा मोडला. आतला मऊ भाग उजव्या गालात धरून, जिभेने टाळूवर दाबून, त्याने हळूहळू गिळला. मग आणखी घेतला. वरचं खरपूस त्याला चावणं शक्य नव्हतं, ते ताटात उरलं.

"ता तू खा," तो म्हणाला.

सुगंधाने खाल्लं. त्या दिवसापासून आतलं त्याचं, वरचं तिचं, असं सुरू झालं. तो भिंतीकडे तोंड करायचा थांबला. त्याच्या अंगावर थोडं मांस आलं. कधी कधी तो दाराशी खुर्ची टाकून, गळ्याभोवती पंचा गुंडाळून, चाळीमागच्या डोंगराकडे बघत बसायला लागला.

पण सुगंधाचं काय? ती चाळिशीची, हाडापेराने धट्टीकट्टी बाई. दिवसभर पापड लाटून यायची आणि दुधीचं तेच धोंडस खायची. घरात मासा आणायचा नाही हे तिने आपल्याआपणच ठरवलं होतं. त्याच्या नाकात वास गेला तर त्याच्या जिवाला काय होईल, या भीतीने. तिला रात्रंदिवस मासे आठवत. बाजारातून येताना ती कोळणींच्या पाट्यांकडे न बघता चालायची. आणि एका दुपारी वनमालाने हाक मारली.

"अगं, बोंबील तळलेत. ये, दोन खा. भाऊजींना कुठे कळतंय?"

ती गेली. भिंतीला टेकून बसली आणि एकामागून एक कुरकुरीत बोंबील खाल्ले. वनमाला पुढे वाढत होती आणि सुगंधा मान वर न करता खात होती. पुढे मग ते होतच राहिलं. खाऊन झालं की साबणाने हात धुवायचे, लिंबाची साल चोळायची आणि घरी यायचं.

एका रविवारी दुपारी ती त्याच्या गळ्याचा पंचा बदलत होती. त्याने तिचा हात धरला आणि नाकाशी नेला.

"खंय गेल्लंस?"

"वनमालाकडे."

"माशाचो वास येता हाताक."

तो ओरडला असता तर तिला बरं वाटलं असतं. त्याने हात सोडला. मग म्हणाला, "जा. बांगडो हाड. हंय तळ. माझ्यासमोर बसान खा."

"नको ओ."

"हाड म्हणतंय ना!"

तिने बांगडा आणला. हळद-मीठ-मसाला लावून तव्यावर टाकला तशी खोली वासाने भरली. इतक्या महिन्यांनी त्या घरात तो वास आला होता. गुणाजी उशीला टेकून उठून बसला, पंचा दूर केला. सुगंधा ताट घेऊन त्याच्यासमोर बसली. तिने एक घास तोंडात घातला.

"चाव," तो म्हणाला. "नीट चाव."

ती चावू लागली. तो तिच्या तोंडाकडे बघत होता. त्याचा उरलेला अर्धा जबडा तिच्याबरोबर हलत होता, लाळ हनुवटीवरून गळ्यात उतरत होती.

"कसो लागता?"

"बरो."

"तिखट झालो? डोक्याकडचो खा. काटो चाव."

तिने डोकं उचललं. काटे दाताखाली मोडले तसे त्याने डोळे मिटले. घास तिच्या घशाखाली उतरेना. तरी तिने गिळला, कारण तो डोळे उघडून वाट बघत होता.

पुढच्या रविवारी त्याने पुन्हा मासा मागितला. मग मधल्या वारीही. बाजाराच्या पायरीशी ती थांबायची, नाकाला पदर लावून मगच आत जायची. वनमालाला तिने सांगितलं तेव्हा वनमाला म्हणाली, "खात जा की गं. त्यांना तेवढंच सुख."

"सुख नाही गं ते," सुगंधा म्हणाली. "ते माझ्या तोंडाने जेवतात. आणि मग माझ्यावरच जळतात."

शेवटी एकदा सुरमईचा तुकडा तिच्या तोंडातून परत ताटात पडला. ती उठली आणि ताट मोरीत नेऊन पालथं केलं.

"माका असा बघू नकात!" ती ओरडली. चाळीला ऐकू गेलं असेल. "मी चोरान खाल्लंय, चुकलंय. पण तुमच्या वाटचा मी कसा खाऊ? माझा तोंड माझाच आसा!"

गुणाजी हलला नाही. त्याच्या डोळ्यांतलं पाणी आणि तोंडातली लाळ एकच झाली. सुगंधाने मोरीतले तुकडे गोळा केले, भांडं घासलं, आणि मोरीच्या कठड्यावरच बसून राहिली. त्या दिवशी कुणीच जेवलं नाही.

दुसऱ्या दिवशी ती कामावरून आली तर तो जागा होता. तिने शेगडी पेटवली. दुधी किसायला घेतला तसा तो म्हणाला, "सुक्या सुंगटांची पूड घाल त्यात. उगीच वासापुरती."

"सोसात तुमका?"

"बघूया."

तिने सुकी कोळंबी भाजून, पाट्यावर वस्त्रगाळ वाटून चिमूटभर घातली. त्याने तुकडा तोंडात धरला. जखमेला मीठ झोंबलं असावं, कपाळावर आठी आली, पण गिळला. तिने वरचं खरपूस खाल्लं. मासा दोघांनी त्यानंतर घरात मागितला नाही की आणला नाही.

पावसाळ्यात गाठ पुन्हा आली, गळ्याशी. इस्पितळात विजेचे शेक, म्हणजे क्ष-किरण, दिले, त्याने कातडी काळी पडली आणि आजार तिथेच राहिला. आधी धोंडस उतरेना, मग पेज, मग दूध. सुगंधा तरीही धोंडस करायची. तो म्हणायचा, कर, वास येऊ दे. तुकडा ताटात त्याच्याजवळ ठेवायची, तो बोट लावून बघायचा की मऊ आहे. माणिक आली तेव्हा बाप फक्त शहाळ्याच्या पाण्यावर होता. गणपती गेल्यावर चार दिवसांनी, सकाळी, सुगंधा त्याचं तोंड पुसत असताना तो गेला. चाळीतली माणसं खांदा द्यायला आली. न येणारीही आली.

माणिकने आईला गावी चल म्हटलं. सुगंधा गेली नाही. पापड लाटत राहिली. मोरीमागचा वेल तिने उपटला नाही, पण दुधी आले की वनमालाला देऊन टाकायची.

साडेतीन-चार वर्षांनी, एका दुपारी, शेठाणीच्या ओळखीने एक तरुण बाई चाळीत आली. जयंती तिचं नाव. स्टेशनजवळच्या ब्लॉकमध्ये राहणारी, चांगलं पातळ नेसलेली. तिचे यजमान नंदकिशोर कचेरीत नोकरीला होते. त्यांच्याही जबड्याचं तेच झालं होतं. बसायला सांगितलं तरी ती बसली नाही.

"तुम्ही एक दुधीचं काहीतरी करत होता म्हणे. ते काहीच घेत नाहीत हो. दूध दिलं तरी थुंकतात."

सुगंधाच्या मनात आलं, सांगावं की मी विसरले. तोंडापर्यंत आलंही होतं. पण जयंतीच्या हातातल्या पिशवीतून दुधीचं देठ बाहेर डोकावत होतं. तिने तो रस्त्यातच घेतला होता.

"किसणी आणलीय?" सुगंधा म्हणाली. "नाहीतर माझी घ्या. बसा इथे."

तिने शेगडी पेटवली. जयंती पाटावर बसून किसू लागली, हात नवखा, बोटं सोलवटत होती. सुगंधाने दाखवलं, पाणी असं पिळायचं, निखारे खाली राखेत झाकायचे, वर उघडे ठेवायचे. वरचं खरपूस त्यांना द्यायचं नाही.

"मग ते टाकून द्यायचं?"

"तुम्ही खायचं. आणि तुमचं तुमचं जेवण रोज घरात करायचं. त्यांच्यासमोर नको असेल तर दुसऱ्या खोलीत. पण चोरून शेजारी जाऊन नाही."

जयंतीला ते नीट कळलं नाही. ती किसायची थांबली आणि जे विचारायला आली होती ते विचारलं.

"तुमचे यजमान... ते बरे झाले होते ना?"

सुगंधा निखारे हलवत होती. चिमटा तिने शेगडीच्या कडेला टेकवला.

"नाही," ती म्हणाली. "पण पावसाळ्यापर्यंत जेवत होते."

जयंतीचा हात किसणीवर तसाच राहिला. तिचे खांदे हलू लागले. सुगंधाने तिला रडू दिलं. मग तिच्या हातातून अर्धा दुधी काढून घेतला आणि उरलेला स्वतः किसायला बसली.