पाठीवर पडलेला पाहुणा

कॉलेजच्या प्राणिशास्त्र विभागाच्या संग्रहालयात बाईंनी एकोणतीस वर्षं बरण्या भरल्या. मेलेला प्राणी आला की तो स्पिरिटमध्ये ठेवायचा, झाकण मेणाने बंद करायचं आणि चिठ्ठी लिहायची: संघ, वर्ग, गण, कुल, प्रजाती, जाती, मृत्यूची तारीख. अक्षर असं की छापल्यासारखं. सगळे त्यांना बरणीबाई म्हणत. मेलेला नाग त्या खुशाल हातात धरून पुसत. जिवंत पाल दिसली की मात्र खुर्चीवर चढत.

लोक हसायचे. या भीतीचं मूळ कोणालाच ठाऊक नव्हतं. नोकरीच्या पहिल्याच वर्षी बाईंनी एक खेकडा मेला समजून बरणीत सोडला होता. झाकण लावलं आणि त्याचा एक पाय काचेवर वाजला. मग दुसरा. बाई बघत राहिल्या, झाकण उघडायला हातच उठला नाही. हे त्यांनी नवऱ्यालाही कधी सांगितलं नाही.

आणि अशा बाईंच्या टेबलावर विभागाच्या सरांनी जिवंत टॅरांटुला आणून ठेवला. पंजाएवढा, केसाळ कोळी, काचेच्या पेटीत. बाईंची खोली उबदार होती, हा त्यांचा गुन्हा.

"पाणी बघायचं आणि आठवड्याला एक रातकिडा सोडायचा. बास," सर म्हणाले.

"चावतो का?"

"त्रास दिला तर."

"मी कशाला देतेय? तोच देतोय."

सर हसले आणि जाता जाता नियम सांगून गेले: मेलाच तर तासाभरात स्पिरिटमध्ये, नाहीतर नमुना वाया जातो. बाईंनी चिठ्ठी आधीच लिहून ठेवली. संघ संधिपाद, वर्ग अष्टपाद, गण कोळी, कुल थेराफोसिडी. तारखेची जागा तेवढी रिकामी. सरांच्या कागदावरून कोळ्याच्या जीवनचक्राचा तक्ताही सुबक उतरवून भिंतीवर लावला. शिपाईमामांनी कोळ्याचं नाव पाहुणा ठेवलं.

तीन आठवडे पाहुण्याने एकाही रातकिड्याला तोंड लावलं नाही. सर परगावी निघाले त्या दिवशी सकाळी बाईंनी दार उघडलं, तर तो पाठीवर पडलेला, आठही पाय वर. सोमवारी सोडलेला रातकिडा त्याच्या शेजारी उड्या मारत होता.

सरांचा फोन बंद. ते विमानात असणार.

मामांनी पेटीत डोकावून पाहिलं. "गेला बिचारा. ताई, बरणी काढा. तास लगेच भरेल."

मामांनीच स्पिरिट ओतलं. मेला असेल आणि आपण उशीर केला, तर सरांना काय तोंड दाखवायचं? आणि जिवंत असेल तर? काचेवर वाजलेला तो पाय त्यांना पुन्हा ऐकू आला. त्यांनी चिमटा उचलला, पण पेटीकडे नेला नाही.

"मामा, थांबा जरा."

त्या कपाटाशी गेल्या. तिसऱ्या फळीवर मेलेले कोळी होते, सगळे त्यांनीच भरलेले. एकूण एक कोळ्याचे पाय मुठीसारखे आत वळलेले. पाहुण्याचे पाय ऐसपैस पसरलेले होते.

"हा मेलेला नाही."

"अहो, हलत नाहीये."

"जिवंतातलं मला काही कळत नाही, मामा. मेलेले कळतात."

मग त्यांची नजर भिंतीवर गेली. अंडी, पिल्लं, पुन्हा पुन्हा कात, वयात आलेला नर वर्ष-दीड वर्षात मरतो, मादी कात टाकत वीस-वीस वर्षं जगते. आणि खाली, त्यांच्याच सुबक अक्षरात: कात टाकण्याआधी खाणं सोडतो. कात टाकताना पाठीवर पडतो. अंग मऊ असतं, रातकिडाही कुरतडून मारू शकतो, भक्ष्य लगेच काढावं. त्यांनी हे अक्षर न अक्षर घोटून लिहिलं होतं आणि एक ओळ वाचली नव्हती.

रातकिडा पाहुण्याच्या पायावर चढला.

"मामा, तुम्ही काढता?"

मामा दारापाशी पोचलेसुद्धा होते. "ताई, माझ्या घरी लेकरं आहेत."

शेवटी बाईंनीच झाकण सरकवलं. चिमटा आत, मनगट आत, त्या केसाळ पायांपासून बोटभर अंतरावर. रातकिडा पहिल्यांदा निसटला. दुसऱ्यांदाही. तिसऱ्यांदा चिमट्यात आला तेव्हा पाहुण्याचा एक पाय किंचित हलला. या वेळी बाईंचा हात हलला, किड्यासकट बाहेर आला आणि झाकण बंद झालं.

दुपारपर्यंत त्या पेटीसमोर बसून होत्या. जुन्या अंगातून नवा, ओलसर कोळी एकेक पाय सोडवत बाहेर आला, आणि शेजारी दुसरा पोकळ कोळी पडून राहिला.

सरांनी परतल्यावर कात भिंगाखाली आतून तपासली. "बाई, मादी आहे. वीस वर्षं सहज काढेल."

"म्हणजे मी रिटायर होईन, ही नाही," बाई पुटपुटल्या. मग खाली मान घालून त्यांनी सरांना खेकड्याची गोष्ट सांगितली. सरांनी भिंग खाली ठेवलं आणि कात त्यांच्याकडे सरकवली.

कात बरणीत ठेवली. बाईंनी चिठ्ठीवर मृत्यूच्या तारखेपुढे लिहिलं: जिवंत आहे. ती नुसती रिकामी कात आहे हे त्यांना पक्कं माहीत होतं. तरी झाकणाला मेण लावण्याआधी त्या अर्धा तास काचेला कान लावून बसल्या.