वाघदेवाचं चित्र

दिवाळीच्या तोंडावर, वाघबारशीला आमच्याकडे, सुरगाण्याच्या डोंगरात, गुराखी वाघदेवाची पूजा करतात. देव म्हणजे लाकडाचा खांब. त्यावर वाघ, नाग, चंद्र, सूर्य कोरलेले. माझ्या मुलीने तो कधी पाहिलेला नाही. ती दोन वर्षांची असताना आम्ही नाशिकला बांधकामावर आलो, ते इथेच राहिलो. नवरा इंदिरानगरला वॉचमन आहे, मी चार घरची धुणीभांडी करते. भाकरी थापताना गावाकडचं काही सांगायचे, तेवढंच तिला ठाऊक.

तिसरीत गेली तरी ती वर्गात तोंड उघडत नव्हती. मी पाचवीतच शाळा सोडलेली. हिचंही तसंच होणार, ही धास्ती मला कायम. पण तिच्या बाईंनी तिला कधी दरडावलं नाही. दिवाळीच्या सुट्टीनंतर त्यांनी सगळ्यांना आपापल्या घरचा सण काढायला सांगितला. कुणी छठ काढली, कुणी ईद, कुणी मातीचा किल्ला. माझ्या पोरीने वाघदेव काढला आणि पुढे उभं राहून वर्गाला समजावला. त्या दिवशी ती बोलतच घरी आली.

"आई, एक पोरगा म्हणे, पूजा केली तर वाघ खात नाय का? मी सांगितलं, आम्हाला नाय खात. तुझं तू बघ."

आठवड्याभरात कुणा पालकाने तक्रार केली. असला कुठला देव नसतो, पोरगी मनाचं सांगते आणि बाई ते भिंतीवर लावतात. बाई मुख्याध्यापकांना म्हणाल्या, तिच्या आईलाच विचारा. मला बोलावणं आलं. मुलगी माझ्या पदराशी उभी, बाई दाराशी. साहेबांनी कागद पुढे ओढला, पेन उघडलं.

"लाकडाचा देव करून वाघाची पूजा करता, हे खरं आहे का?"

आमच्याकडे कागद घेतलेल्या माणसाने लाकडाचं किंवा वाघाचं विचारलं, की उत्तर ठरलेलं असतं. जंगलखात्याचा गार्ड यायचा तेव्हा बापाच्या मागे तोडलेलं लाकूड दिसत असायचं, तरी बाप म्हणायचा, आम्ही नाय, साहेब. आम्हा पोरांनाही तेच शिकवलेलं.

"नाय साहेब," मी म्हणाले. "आम्ही असलं काही करत नाय."

"ताई, घाबरू नका," बाई म्हणाल्या. "शिक्षेसाठी नाही विचारत."

मी पुन्हा तेच म्हणाले. साहेबांनी लिहून घेतलं. "बाई, खात्री करत जा," एवढंच बोलले.

चित्र उतरवलं. वर्गात पोरं तिला खोटारडी म्हणू लागली. घरी ती मला काही बोलली नाही. बोलली असती तर बरं झालं असतं.

तिसऱ्या दिवशी कामावर दांडी मारून मी शाळेच्या गेटवर थांबले आणि खोटं का बोलले ते सगळं बाईंना सांगितलं. मला वाटलं, आता पोरीला शाळेतून काढतील. बाई म्हणाल्या, "माझंही चुकलं. कशासाठी बोलावलंय ते तुम्हाला आधी सांगायला हवं होतं." शाळेतल्या माणसाने माझ्यापुढे आपली चूक कबूल केलेली मी पहिल्यांदा ऐकली. त्यांनी मला साहेबांकडे नेलं. या वेळी मी म्हणाले, "करतो, साहेब. गावाकडे दर वर्षी करतो." चित्र परत भिंतीवर लागलं. मग बाईंनी मला वर्गातही बोलायला लावलं. पोरांनी वाघाबद्दल नाही नाही ते विचारलं. जमेल तसं मी सांगितलं.

शेवटी बाईंनी माझ्या मुलीला उभं केलं. "त्या दिवशी तू किती छान सांगितलंस. आता आईच्या जोडीने सांग बरं."

तिने बाकावरच नजर ठेवली.

"आम्हाला नाय माहीत, बाई."

या गोष्टीला आता तीन महिने झाले. बाई रोज तिला एखादी गोष्ट विचारतात, थांबतात, मग पुढच्या मुलाकडे वळतात. गेटवर मी विचारते, आज बोलली का? बाई म्हणतात, "नाही अजून. उद्या विचारते."